मिश्रकव्यवहार आणि जुन्या कागदांची परीक्षा
(अंबरनाथ, बदलापूर व उल्हासनगर या टापूच्या निमित्तानें)

१. जुनीं दप्तरें चाळणाऱ्यांच्या हातीं सनद, निवाडा किंवा वतनपत्र लागलें म्हणजे तो कागद जपून ठेवला जातो, त्याची नक्कल होते आणि यथावकाश तो प्रसिद्धहि होतो. परंतु ज्या पानावर नांव नाहीं, गांव नाहीं, मिति नाहीं, केवळ आंकडे आहेत, अशा पानाची गति निराळी होते. तें बहुधा रद्दींत जातें. या आंकड्यांच्या पानांत पुष्कळदां दोन अथवा अधिक जिनसांची भेळ, त्यांचे दर आणि त्यांचे वांटे यांचें गणित असतें. आमच्या प्राचीन गणितग्रंथकारांनीं या प्रकारच्या हिशेबास मिश्रकव्यवहार असें नांव दिलें आहे. या गणिताची रीति काय होती हें प्रथम सांगावें, आणि नंतर तीच रीति फाटक्या, निनांवी कागदांची परीक्षा करण्यास कशी उपयोगी पडते हें दाखवावें, असा प्रस्तुत लेखाचा द्विविध हेतु आहे.

विषयास टापू निवडला आहे तो कल्याणच्या आग्नेयेस वालधुनी व उल्हास या नद्यांच्या कांठचा. याचें कारण असें कीं, या थोडक्या भूमींत तीन काळांचे व तीन लिप्यांचे लेख एकत्र येतात. अंबरनाथच्या शिवालयांतील शिलाहारकालीन लेख हा पहिला. कल्याण-बदलापुराकडील जुन्या घराण्यांतून मिळूं शकणारे मोडी कागद हे दुसरे. १९४७ च्या फाळणीनंतर सिंधी निर्वासित कल्याणनजीकच्या लष्करी छावणींत येऊन राहिले आणि त्या वसाहतीस १९४९ च्या ऑगस्टांत उल्हासनगर हें नांव मिळालें. सिंधी व्यापाऱ्यांची हिशेब ठेवण्याची लिपि खुदाबादी, म्हणजे हटवाणिका अक्षराची. १८६८ च्या सुमारास सिंधच्या शिक्षणखात्यांतील नारायण जगन्नाथ वैद्य यांनीं या लिपीस एकरूपता आणण्याचा यत्न केला होता. अशी एखादी वही उल्हासनगरांत कोणाच्या हातीं आली, तर तो लेखांचा तिसरा वर्ग होय. मोडी जाणणारे आज थोडे आहेत, खुदाबादी जाणणारे त्याहूनहि थोडे. अक्षर मुकें झालें तरी आंकडा बोलका राहूं शकतो. मात्र त्याची भाषा ऐकणारास ठाऊक पाहिजे.

२. प्रथम काळाची चौकट बसवूं. अंबरनाथच्या लेखांत शिलाहार महामंडलेश्वर माम्वाणि, ज्यास मुम्मुणि असेंहि म्हणतात, याचें नांव आहे. या लेखाचा शक डॉ. भाऊ दाजी यांनीं ७८२ असा वाचला होता. पुढें पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं तो ९८२, म्हणजे इ. स. १०६० च्या सुमाराचा, असा वाचला, आणि तोच आज मान्य आहे. दोन्ही वाचनांत फरक शतकाच्या एकाच अंकाचा. परंतु त्या एका अंकानें देवालय दोनशें वर्षें मागें जात होतें. माम्वाणि हा छित्तराजाचा धाकटा भाऊ, आणि छित्तराजाचा भांडुप येथील ताम्रपट शके ९४८ चा आहे. तेव्हां धाकटा भाऊ वडील भावाच्या आधीं दीडशें वर्षें राज्य करूं शकत नाहीं, एवढ्या साध्या वजाबाकीनें ७८२ हें वाचन टिकेनासें होतें. अंक डोळ्यांनीं वाचावा, परंतु हिशेबानें ताडून पाहावा, हा धडा येथें मिळतो. पुढील सर्व विवेचनाचा पाया तोच आहे.

या प्रदेशांत त्या काळीं चालणारें नाणें द्रम्म. कान्हेरीच्या लेण्यांतील शके ७७५ च्या लेखांत गौड देशांतून आलेल्या अविघ्नाकर नामक उपासकानें शंभर द्रम्म दिल्याची नोंद आहे, आणि त्या लेखांत राष्ट्रकूट अमोघवर्ष हा सार्वभौम व शिलाहार कपर्दी हा त्याचा मांडलिक आहे. याच अमोघवर्षाच्या आश्रयाच्या काळांत महावीराचार्यानें गणितसारसंग्रह रचिला, आणि त्यांत मिश्रकव्यवहारास स्वतंत्र प्रकरण दिलें. भास्कराचार्याचा जन्म शके १०३६ चा. सिद्धांतशिरोमणि शके १०७२ मध्यें पुरा झाला. लीलावती ही त्याचाच भाग. म्हणजे अंबरनाथचा लेख कोरला गेल्यावर सुमारें नव्वद वर्षांनीं लीलावती तयार झाली. चाळीसगांवाजवळील पाटण येथें भास्कराचा नातू चांगदेव यानें आजोबाच्या ग्रंथांच्या अध्यापनार्थ मठ स्थापिला, व सोइदेव निकुंभानें त्यास शके ११२८ मध्यें वृत्ति दिली. पाटणच्या त्या लेखाचा शेवटचा भाग जुन्या मराठींत आहे. तो लेखहि प्रथम उजेडांत आणला तो भाऊ दाजींनींच.

कोंकणाचा संबंध एवढ्यावर संपत नाहीं. लीलावतीवरील बुद्धिविलासिनी ही उपपत्तींसह लिहिलेली टीका कोंकणकिनाऱ्यावरील नांदगांवच्या गणेश दैवज्ञानें शके १४६७ मध्यें केली. लीलावतीचें जॉन टेलरकृत इंग्रजी भाषांतर १८१६ मध्यें मुंबईंतच छापलें गेलें, आणि बुद्धिविलासिनीसह लीलावतीचा पाठ पुण्याच्या आनंदाश्रमानें १९३७ मध्यें प्रसिद्ध केला. तात्पर्य, ज्या गणिताविषयीं आम्ही लिहीत आहों तें या भागास परकें नाहीं.

३. आतां रीति. मिश्रकव्यवहाराचें मूळ प्रक्षेपक नांवाच्या नियमांत आहे. अनेकांनीं मिळून घातलेलें भांडवल आणि एकत्र आलेली रक्कम ठाऊक असतां प्रत्येकाचा वांटा काढणें, हें त्याचें काम. रीति सोपी: प्रत्येकाच्या भांडवलास एकत्र रकमेनें गुणावें व भांडवलांच्या बेरजेनें भागावें. लीलावतींतील उदाहरणांत तीन भांडवलें ५१, ६८ व ८५ अशीं असून एकत्र रक्कम ३०० आहे. बेरीज २०४, वांटे अनुक्रमें ७५, १०० व १२५.

वाचकांनीं हे आंकडे क्षणभर निरखून पाहावे. ५१, ६८ आणि ८५ हे सत्राच्या पाढ्यांतील तिसरा, चौथा व पांचवा असे तीन लागोपाठचे अंक आहेत. म्हणजे ग्रंथकारानें आधीं ३ : ४ : ५ हें प्रमाण धरिलें, मग विद्यार्थ्यास तें एकदम दिसूं नये म्हणून त्यास सत्रानें गुणिलें. खऱ्या तीन व्यापाऱ्यांचीं भांडवलें इतक्या नेटक्या प्रमाणांत क्वचितच असावयाचीं. हें भास्कराचें न्यून नव्हे. तो अध्यापकाचा धर्म आहे. परंतु इतिहास लिहिणारानें तो ओळखला पाहिजे.

४. जिनसांच्या भेळीचें उदाहरण याहून मनोरंजक आहे. एक वाटसरू वाण्याच्या दुकानीं येतो. एका द्रम्मास तांदूळ साडेतीन मानें मिळतात व मूग आठ मानें मिळतात. वाटसरूजवळ तेरा काकिणी आहेत. त्यास तांदुळाचे दोन भाग व मुगाचा एक भाग अशा प्रमाणांत दोन्ही जिनसा हव्या आहेत. सोबतचा तांडा पुढें निघणार असल्यानें तो घाईंत आहे. आमच्या घरोघरच्या मुगाच्या खिचडीचाच हा शिधा होय.

नाण्यांचें कोष्टक लीलावतीच्या आरंभींच दिलें आहे: वीस वराटकांची (कवड्यांची) एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म, सोळा द्रम्मांचा एक निष्क. तेव्हां तेरा काकिणी म्हणजे द्रम्माचे १३/६४. आतां दोन मानें तांदुळास पडतात द्रम्माचे ४/७; एक मान मुगास १/८. दोहोंची बेरीज ३९/५६. एवढ्या द्रम्मांत दोनास एक या प्रमाणाचा एक पूर्ण संच येतो. तर १३/६४ द्रम्मांत त्या संचाचा कितवा अंश येईल? भागाकार केला असतां उत्तर ७/२४. म्हणून तांदूळ ७/१२ मान व मूग ७/२४ मान. तांदुळाची किंमत द्रम्माचा सहावा हिस्सा, म्हणजे १० काकिणी व एका काकिणीच्या दोन-तृतीयांश. मुगाची २ काकिणी व एक-तृतीयांश. बेरीज बरोबर तेरा.

आतां या उदाहरणाचें पृथक्करण करूं. बेरजेंत जो ३९ आला त्यांत १३ हा अवयव आहे. म्हणूनच वाटसरूच्या कनवटीस तेराच काकिणी आहेत. बारा किंवा चौदा असत्या तर १३ हा छेदांत शिल्लक राहून उत्तर किचकट झालें असतें. यावरून दिसतें कीं, दर आधीं ठरले आणि पैसा मागाहून, तोहि उत्तर सुटसुटीत व्हावें म्हणून. अर्थात् तेरा काकिणी हा एका माणसाच्या शिध्याचा त्या काळचा खर्च होय असें कोणी प्रतिपादन केलें, तर तें टिकणार नाहीं. दरांविषयीं मात्र एवढें निश्चयानें बोलतां येत नाहीं. साडेतीन आणि आठ हे आंकडे गणिताच्या सोयीसाठीं भाग पडलेले नाहींत. ते बाजारचे असूं शकतील, तसे कल्पितहि असतील. निदान तांदूळ मुगाहून महाग हा क्रम तरी ग्रंथकारास अस्वाभाविक वाटला नव्हता, इतकेंच त्यांतून घेतां येतें.

साडेतीनाविषयीं एक गोष्ट मराठी वाचकास सहज सुचेल. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी यांच्या जोडीस आमच्या जुन्या पंतोजींच्या शाळांत औटकी म्हणजे साडेतीनाचा पाढा पाठ करवीत. औट शब्दाचें मूळ ‘अर्धचतुर्थ’, म्हणजे चौथा अर्धा, असें आहे. ज्याच्या तोंडीं औटकी होती त्यास भास्कराचें हें उदाहरण तोंडीं सोडविणें अवघड नव्हतें.

५. येथें आमच्या विषयाचा कळीचा मुद्दा येतो. द्रम्माचे सोळा पण व चौसष्ट काकिणी. रुपयाचे सोळा आणे व चौसष्ट पैसे. दोन्ही कोष्टकांची बांधणी एकच. म्हणून द्रम्माच्या जागीं रुपया, पणाच्या जागीं आणा व काकिणीच्या जागीं पैसा घातला, तर उदाहरणांतील एकहि आंकडा बदलावा लागत नाहीं. रुपयास साडेतीन मापें तांदूळ, आठ मापें मूग, आणि गिऱ्हाइकाजवळ तेरा पैसे, म्हणजे सव्वातीन आणे. पैशाच्या तीन पै धरिल्या तर तांदुळाचे दोन आणे आठ पै, मुगाच्या सात पै. मिळून तीन आणे तीन पै. द्रम्मापेक्षां रुपयांतच उत्तर अधिक सुबक येतें, कारण तिसरा हिस्सा पैंत पुरा बसतो, कवड्यांत बसत नाहीं.

समजा, बदलापुराकडील एखाद्या दप्तरांत मोडी अक्षराचा एक सुटा बंद मिळाला व त्यावर हेंच गणित रुपये-आणे-पैंत मांडलेलें आहे. कागद जुना, शाई जुनी, वळण पेशवाईच्या अखेरचें. संशोधक हर्षानें लिहून जाईल कीं, त्या काळीं या प्रांतीं रुपयास तांदूळ साडेतीन मापें व मूग आठ मापें मिळत. वस्तुतः तो दर बाराव्या शतकांतील एका ग्रंथाचा असून शिष्यपरंपरेनें केवळ नाण्याचें नांव बदलून खालीं उतरलेला असेल. अशा दरावरून महर्गता-स्वस्ताईचे निष्कर्ष काढले तर सहाशें वर्षांचें अंतर एका ओळींत पुसलें जाईल. अंबरनाथच्या शकांत एका अंकानें दोनशें वर्षांचा घोटाळा होत होता. येथें तर अंक बरोबर वाचूनहि त्याच्या तिप्पट घोटाळा होईल.

त्यावर उपाय सोपा आहे. संग्राहकानें लीलावतींतील मिश्रक उदाहरणांचे आंकडे एका कागदावर टिपून जवळ ठेवावे: ३॥, ८, १३, ५१, ६८, ८५, ३००, आणि पुढें येणारे धूपाचे व सोन्याचे आंकडे. हाच त्रिकूट अथवा चतुष्टय कागदावर दिसला कीं तो धडा आहे, बाजारभाव नव्हे, असें समजावें. माणसाच्या अंगठ्याच्या ठशाप्रमाणें हा आंकड्यांचा ठसा आहे.

६. धूपाचें उदाहरण दरांविषयीं आणखी सावध करतें. उत्तम कापूर दोन निष्कांस एक पल. चंदन द्रम्माच्या अष्टमांशास एक पल. अगरु तितक्याच मोलास अर्धा पल. एका निष्काचा धूप हवा आहे, त्यांत कापूर, चंदन व अगरु यांचे भाग अनुक्रमें १, १६ व ८. एक पल कापरास बत्तीस द्रम्म, सोळा पल चंदनास दोन, आठ पल अगरूसहि दोन, एकूण छत्तीस. जवळ सोळा द्रम्म आहेत, म्हणून प्रत्येक भाग ४/९ पलाचा. कापूर ४/९ पल, चंदन ७ १/९ पल, अगरु ३ ५/९ पल. किंमती अनुक्रमें १४ २/९, ८/९ व ८/९ द्रम्म, बेरीज सोळा.

या हिशेबांत कापराचा दर चंदनाच्या २५६ पट येतो. हा आंकडा सोळाचा वर्ग आहे, हें लक्षांत घेतलें म्हणजे शंका उत्पन्न होते. एक जिन्नस निष्कांत व दुसरी द्रम्माच्या अष्टमांशांत सांगून विद्यार्थ्याकडून कोष्टकाच्या दोन पायऱ्या चढवून घेणें, हाच येथें उद्देश दिसतो. भागहि असे घेतले आहेत कीं चंदन व अगरु यांची किंमत समान व्हावी. तेव्हां २५६ हें गुणोत्तर व्यापाराचा पुरावा म्हणून मांडतां येणार नाहीं. परंतु कापूर हा समुद्रापलीकडून येणारा महर्ग पदार्थ होता, आणि तसल्या मालास उत्तर कोंकणचीं बंदरें मोकळीं होतीं, हें इतर लेखांवरून सिद्ध आहे. अनंतदेव शिलाहाराच्या शके १०१६ च्या खारेपाटण ताम्रपटांत स्थानक, नागपूर, शूर्पारक व चेमूल्य या बंदरांत एका श्रेष्ठीच्या गलबतांस जकात माफ केल्याचें नमूद आहे. गणिताच्या ग्रंथांतून जिनसांचीं नांवें व त्यांच्या मोलाचा उतरता क्रम घ्यावा. प्रत्यक्ष दर ताम्रपट, जमाखर्च व रोजकीर्द यांतूनच घ्यावा.

७. आतां सोन्याचें गणित. हें मिश्रकव्यवहाराचें सर्वांत उपयुक्त अंग. सोन्याचा कस वर्णांनीं मोजीत; सोळा वर्ण म्हणजे शुद्ध सोनें. बावनकशी, कसास उतरणें, कसोटी हे शब्द आजहि मराठींत जिवंत आहेत, ते याच व्यवहाराचे. आजच्या चोवीस कॅरटांच्या हिशेबानें बारा वर्ण म्हणजे अठरा कॅरट, आणि पंधरा वर्ण म्हणजे साडेबावीस.

रीति अशी: प्रत्येक सोन्याचें वजन त्याच्या वर्णानें गुणावें, गुणाकारांची बेरीज करावी, ती एकूण वजनानें भागावी, येईल तो मुशींतील सोन्याचा वर्ण. उदाहरणांत १३, १२, ११ व १० वर्णांचें सोनें अनुक्रमें १०, ४, २ व ४ मासे आहे. गुणाकार १३०, ४८, २२, ४०; बेरीज २४०; वजन २० मासे; वर्ण १२. हेंच सोनें शोधून सोळा मासे उरलें तर वर्ण १५. आणि सोळा वर्णांचें होईपर्यंत शोधलें तर उरेल १५ मासे. येथील मर्म असें कीं, शोधनांत हीण जळतें, सोनें जळत नाहीं. म्हणून २४० ही बेरीज अखेरपर्यंत कायम राहते. प्रत्यक्ष भट्टींत थोडी घट होतेच, परंतु रीतीचा पाया हाच.

दोन सोन्यांचे वर्ण व भेळीचा वर्ण ठाऊक असतां वजनांचें प्रमाण काढण्याची रीति त्याहून चतुर आहे. सोळा वर्णांच्या व दहा वर्णांच्या दोन गुटिका आटवून बारा वर्णांचें सोनें झालें. मोठ्या वर्णांतून साध्य वर्ण वजा केला तर ४. साध्यांतून लहान वर्ण वजा केला तर २. हे अंक उलटे लावावे: सोळा वर्णाचें २ मासे, दहा वर्णाचें ४ मासे. कारण एकाचा अधिकपणा दुसऱ्याच्या उणेपणानें भरून निघाला पाहिजे: दोन मास्यांवर चारचार वर्ण अधिक म्हणजे आठ, चार मास्यांवर दोनदोन वर्ण उणे म्हणजे आठच. हीच रीति धान्यास जशीच्या तशी लागते. खंडीस १६ रुपयांचे व २२ रुपयांचे तांदूळ मिसळून १८ रुपयांचे करावयाचे, तर अंतरें ४ व २. म्हणून स्वस्त दोन भाग, महाग एक भाग. वर्णाच्या जागीं दर घातला, एवढाच काय तो भेद.

८. याच प्रकरणांतील अज्ञातवर्णाचें उदाहरण संशोधकाच्या दृष्टीनें बहुमोल आहे. दहा वर्णाचें आठ मासे, अकरा वर्णाचें दोन मासे, आणि न कळलेल्या वर्णाचें सहा मासे आटविले असतां बारा वर्णाचें सोनें झालें. तर अज्ञात वर्ण कोणता? एकूण १६ मासे गुणिले १२, म्हणजे १९२. त्यांतून ८० व २२ वजा जातां ९०. सहानें भागितां १५.

आतां ‘अज्ञात वर्ण’ या शब्दांच्या जागीं ‘कसरीनें खाल्लेला अंक’ असें वाचावें. पानावरील एक आंकडा गेला, इतर सर्व शाबूत आहेत, तर गेलेला आंकडा याच रीतीनें परत मिळतो. दोन वाचनें संभवत असतील, जसें जुन्या अक्षरांत पुष्कळदां होतें, तर दोन्ही घालून पाहावीं. ज्यानें बेरीज जुळते तें खरें. लिपि अपरिचित असली तरी आंकड्यांची जागा व त्यांचा परस्परसंबंध यावरून कोणता स्तंभ वजनाचा, कोणता दराचा व कोणता किंमतीचा हें ठरवितां येतें. कारण एका स्तंभाचा दुसऱ्यानें गुणाकार तिसऱ्यांत आलाच पाहिजे. खुदाबादी वहीसारख्या कागदास हात घालतांना ही पहिली किल्ली ठरावी.

या साधनाची मर्यादाहि सांगितली पाहिजे. एकच अंक गेला असेल तरच उत्तर निश्चित येतें. दोन अंक गेले तर एका समीकरणानें दोन्ही सांपडत नाहींत. तसेंच तीन जिनसांच्या भेळींत केवळ दरांवरून वजनांचें प्रमाण ठरत नाहीं. उदाहरणार्थ, १६, ११ व १० वर्णांच्या सोन्यापासून १२ वर्णांचें सोनें १ : २ : १ या प्रमाणानेंहि होतें आणि ३ : २ : ५ या प्रमाणानेंहि होतें. अशा ठिकाणीं आपल्या सोयीचें प्रमाण घालून पाठ पुरा करणें म्हणजे शोध नव्हे, रचना होय.

९. शेवटीं, हातीं आलेला कागद धडा आहे कीं दुकानचा हिशेब, हें ओळखण्याच्या कांहीं खुणा येथें एकत्र देतों.

पहिली खूण शेषाची. धड्यांतील गणित सुटण्यासाठींच घातलेलें असतें. भाजक व भाज्य एकमेकांस काटतात, उत्तर पुरें येतें किंवा ओळखीच्या अपूर्णांकांत येतें. दुकानच्या हिशेबांत घट, हमाली, मापाचा फरक आणि नाण्यांवरील बट्टा यांची भर असते. बेरीज पैपर्यंत आणावयास कोठें तरी सोडचिठ्ठी दिलेली असते. ज्यांत अशी खाडाखोड आहे त्या कागदाचें मोल अधिक समजावें, कमी नव्हे.

दुसरी खूण आंकड्यांच्या ठशाची. ती वर सांगितलीच आहे.

तिसरी खूण मापांची. खंडी, मण, पायली, शेर यांचें प्रमाण गांवोगांवीं निराळें असे. म्हणून ज्या कागदांत मापाचें स्थानिक प्रमाण उघड किंवा हिशेबावरून निघतें, तो त्या गांवच्या व्यवहाराचा साक्षीदार आहे. ग्रंथांतील कोष्टक सर्वत्र सारखें असतें, गांवचें नसतें.

चौथी खूण काळाची. १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. मेट्रिक वजनें १९५८ पासून टप्प्याटप्प्यानें आलीं. तेव्हां ज्या पानावर एकीकडे शेर-मण आणि दुसरीकडे नवे पैसे आहेत, तें पान त्या संधिकाळाच्या चारसहा वर्षांतलें होय. हा संधिकाळ सुरू झाला तेव्हां उल्हासनगर दहा वर्षांचेंहि झालेलें नव्हतें. अशा पानास आज कोणी जुनें म्हणणार नाहीं. परंतु एका नव्या नगराच्या बाजारानें दोन मापपद्धतींची भेळ कशी सांभाळली, याचा तोच समकालीन पुरावा ठरेल.

येणेंप्रमाणें मिश्रकव्यवहाराचे कागद दोन्ही बाजूंनीं अन्यायास पात्र झाले आहेत. कोणी त्यांस क्षुल्लक मानून टाकून देतात. कोणी त्यांतील प्रत्येक दर खरा मानून त्यावर इमारत उभारतात. आमचें म्हणणें दोहोंच्या मध्यें आहे. अशा कागदांतील एकक, कोष्टक आणि रीति ही विश्वसनीय साक्ष आहे. दर ही संशयित साक्ष आहे, आणि तिची उलटतपासणी त्याच कागदांतील गणितानें करतां येते. कल्याणपासून बदलापुरापर्यंत जुने वाडे पडून नव्या इमारती उठत आहेत, आणि वाड्याबरोबर माळ्यावरील गासड्याहि जात आहेत. संग्राहकांस आमची विनंति एवढीच कीं, आंकड्यांचें पान फेंकण्यापूर्वीं एकदां सोडवून पाहावें, त्याचा आकार, कागद, कोठें मिळालें व कोणत्या कागदांच्या मध्यें होतें हें टिपून ठेवावें, आणि गेलेला अंक स्वतः भरला असल्यास तो मूळ अंकाहून वेगळ्या खुणेनें दाखवावा. सोनाराच्या कसोटीस सोनें उतरतें तसेंच हीणहि उतरतें. कसोटीचें काम दोन्ही वेगळीं दाखविण्याचें. दप्तराच्या कसोटीचेंहि काम तेंच आहे.